परार्धातला सोमवार

पळी भरलेली होती, पण मंदाकिनीबाई पाणी घालीनात.

गोपीनाथराव ताम्हणावर हात धरून बसले होते, तळव्यावर अक्षता. कल्याणात खाडीच्या अंगाला बांधलेल्या त्यांच्या नव्या घराची आज वास्तुशांत होती. संकल्प म्हणून झाला होता. आता बायकोने नवऱ्याच्या हातावर पाणी घालायचं, त्याने ते ताम्हणात सोडायचं, की पुढची पूजा सुरू.

"घाला, वहिनी," मधुभट म्हणाले.

"घालते. आधी एवढं सांगा, भटजी. सुरुवातीला 'द्वितीये परार्धे' म्हणालात. ते परार्ध म्हणजे केवढं?"

ओटीवरच्या पाहुण्यांची कुजबुज थांबली. मधुभटांचा जन्म हे शब्द म्हणण्यात गेला होता, पण मध्येच अडवून कुणी अर्थ विचारला नव्हता. गडी एकदम खुलला.

"ब्रह्मदेवाचं निम्मं आयुष्य! त्याचा एक दिवस म्हणजे आपली चारशे बत्तीस कोटी वर्षं. रात्रही तेवढीच. अशा दिवसरात्रींची पन्नास वर्षं सरली, एक्कावन्नावं चालू आहे." त्यांचा अंगठा बोटांच्या पेरांवरून फिरू लागला. "कोटी, अर्बुद, अब्ज, खर्व, निखर्व, महापद्म, शंकू, जलधी... तर सरलेली वर्षं झाली एक जलधी, पाच शंकू, पाच महापद्म, पाच निखर्व आणि दोन खर्व. जलधी म्हणजे समुद्र. मोजता मोजता पूर्वजांना समुद्र आठवला, वहिनी!"

"अहो, भात निवतोय," आतून आत्याबाईंचा आवाज आला. गोपीनाथरावांच्या या आत्याला समुद्रापेक्षा वरणाची काळजी जास्त होती.

"आणि पुढे तेवढीच वर्षं शिल्लक?" मंदाकिनीबाईंनी विचारलं.

"तेवढीच. अगदी निश्चिंत असा."

"तरीच. इकडचं नेहमी म्हणणं असतं, घाई काय आहे."

गोपीनाथरावांचे कान तापले. ठाण्याच्या कचेरीत कारकुनी करणारा हा माणूस वाईट नव्हता. बायकोला त्याने कधी 'नाही' म्हटलं नाही. तो फक्त 'बघू' म्हणायचा, आणि 'बघू'ने जेवढी कामं मारली तेवढी 'नाही'ने मारली नसतील. गावात मुलींची शाळा निघाली तेव्हा आपल्या रतनला घालू या, असं बाई म्हणाल्या. बघू. पाडव्याला पुन्हा म्हणाल्या. बघू, पुढच्या वर्षी. रतन आठ वर्षांची झाली. परवा पनवेलहून तिला मागणी आली, तेव्हा मात्र रावांनी 'बघू' न म्हणता तिची पत्रिका पाठवून दिली होती.

"हा विषय आत्ता काढायचा का?" ते दबल्या आवाजात म्हणाले. "सांगितलं ना, पुढच्या वर्षी घालू."

मंदाकिनीबाईंनी त्यांच्याकडे पाहिलंही नाही. पोटात राग मावत नव्हता, पण आवाज चढला नाही आणि पळीतलं पाणीही हिंदकळलं नाही. "भटजी, एवढे समुद्र मोजून झाल्यावर संकल्पात पुढे काय येतं?"

"कल्प येतो, मन्वंतर येतं, मग युग. मग शक, संवत्सर, महिना, तिथी. शेवटी वार. आज इंदुवासर, म्हणजे सोमवार."

"म्हणजे एवढं सगळं सांगून यायचं ते आजच्या सोमवारावर?"

"अर्थात. संकल्प आजचाच असतो."

"पुढच्या वर्षीचा नसतो?"

मधुभटांनी यजमानांकडे पाहिलं. "नाही," ते म्हणाले. "तसा संकल्प शास्त्रात नाही."

"मग रतनच्या शाळेचं यातच घाला. त्याशिवाय मी पाणी घालायची नाही."

ओटीवर कुणीतरी खुदकन हसलं. आत्याबाई पदर खोचून माजघराच्या दारात आल्या. "अगं, चारचौघांत हे काय? मुहूर्त टळेल!"

"टळू दे, आत्याबाई. घराला दुसरा मिळेल. तिला नाही मिळायचा."

गोपीनाथरावांचा हात अवघडला होता. घामाने अक्षता तळव्याला चिकटल्या होत्या. आत्याबाईंच्या मागे रतन उभी होती. परकराचा घोळ मुठीत धरून ती आईच्या हातातल्या पळीकडे टक लावून बघत होती. पत्रिका पाठवताना ती त्यांना चांगली मोठी झालेली वाटली होती. आता फार लहान वाटली, आणि त्यांना लाज वाटली.

"घाला हो, भटजी, ते शाळेचंही," ते म्हणाले.

मधुभटांनी पुन्हा परार्धापासून सुरुवात केली. या खेपेला ते एकेक शब्द सावकाश म्हणत होते. कल्प, मन्वंतर, युग, शके अठराशे नऊ, सर्वजित् संवत्सर, होता होता सोमवार. मग वास्तू आणि तिच्यामागून रतनचं नाव, तिची विद्या.

"करिष्ये," गोपीनाथराव म्हणाले.

मंदाकिनीबाईंनी पळी त्यांच्या हातावर रिकामी केली. पाणी अक्षतांसकट ताम्हणात पडलं.

"झालं समाधान?" रावांनी हळूच विचारलं. "आता उद्या-परवा बघू, सवडीने नेऊन..."

मंदाकिनीबाईंनी मागे वळून पाहिलं.

"रतन, आत्याबाईंकडून वेणी घालून घे. आज सोमवार आहे. शाळा उघडी असेल."