चौदाव्या होलजवळचं झुडूप

मंगळवारी सकाळी अकरा वाजून वीस मिनिटांनी हेमांगी तोरणमाळला पोचली. रविवारी गुजरातेतल्या एका गोल्फ मैदानावर, चौदाव्या होलजवळ, झुडपात गेलेला चेंडू झुडपाबाहेर सापडला होता. तो ज्याने बाहेर काढला, त्याचं घर इथे होतं.

"काल बी दोन गाड्या उन्यात रेवजीकडे, ताई," जीपवाला शिवाजी घाट चढताना म्हणाला होता. "रेवजीनी करं तरी काय?"

"चेंडू उचलला."

"मंग? पडेल व्हता ना?"



चेंडू धर्मेंद्र राणाचा होता. बाहेरच्या मोकळ्या गवतावरून त्याने पुढचा फटका मारला आणि एका फटक्याच्या फरकाने टूरचं, म्हणजे वर्षभर चालणाऱ्या व्यावसायिक स्पर्धांच्या मालिकेचं, विजेतेपद जिंकलं. संध्याकाळी एका प्रेक्षकाच्या मोबाइलमधला व्हिडिओ फिरू लागला. चेंडू कुठे पडला ते पाहायला नेमलेला रेवजी त्यात झुडपात वाकताना दिसत होता आणि मूठ मिटून बाहेर येताना.

पुढच्या हंगामात धर्मेंद्र टूर सोडून तिच्याशी चढाओढ करणाऱ्या नव्या लीगमध्ये जाणार होता; तिचेही सामने आता याच मैदानावर होत. त्यामुळे टूरचे समालोचक म्हणत होते, लीगने आपल्या माणसाला जिंकवलं. लीगचे समालोचक म्हणत होते, जाणाऱ्या खेळाडूला टूर बदनाम करते आहे. हेमांगी टूरसाठी मराठीतून समालोचन करायची. रविवारी तिनेच सांगितलं होतं, "चेंडू झुडपाकडे... पण काळजी नको, चौदाव्यावर जमिनीचा उतार बाहेरच्या बाजूला आहे." हे वाक्य ती दरवर्षी म्हणायची. इतर समालोचकही म्हणायचे. व्हिडिओ तिने तीसेक वेळा पाहिला होता. दर वेळी तिला वेगळंच काही वाटायचं.

ती नंदुरबारची, म्हणून टूरने तिला पाठवलं होतं. प्रश्न एकच होता. हे धर्मेंद्रच्या सांगण्यावरून झालं का? तसं असेल तर त्याचं विजेतेपद जाणार होतं आणि रेवजीला कुठल्याही मैदानावर पुन्हा काम मिळणार नव्हतं. वर्षातले सात महिने तो तिथे असायचा. घर त्यावरच चालायचं.

रेवजी ओट्यावर बसला होता. मागे खुंटीला एक निळी टोपी लटकत होती. तिच्यावर लीगचं चिन्ह होतं.

"ही कोणी दिली, रेवजीभाऊ?"

"त्या लीगवाल्यांनी."

"कशाबद्दल?"

आतून त्याची बायको दिवलीबाई बाहेर आली. "दिवसभर उन्हात उभं राहायचं तर टोपी नको, बाई? तुम्ही तर पंख्याखाली बसून बोलता."

हेमांगीने टोपीचा फोटो काढला. मग मोबाइलवर रेकॉर्डिंग सुरू केलं.

"चेंडू तुम्ही उचललात?"

"हो, मॅडम."

"आणि बाहेर ठेवलात?"

"हो."

"कोणी सांगितलं?"

रेवजीने बायकोकडे पाहिलं. दिवलीबाईला हसू आलं.

"सांगावं लागतं? जंगलात कुणाची वस्तू पडलेली दिसली तर काय करायचं, हे लहान लेकरालाही कळतं. पडली तिथे ठेवली तर धन्याला सापडेल कशी? उचलून वाटेवर, मोकळ्यावर ठेवायची. मागच्या महिन्यात वीरसिंगचा कोयता असाच एका दगडावर दोन दिवस होता. कुणी हात लावला नाही."

"पण खेळात चेंडू असेल तिथूनच मारायचा असतो."

"झुडपातून?" दिवलीबाई म्हणाली. "आणि हा समोर उभा राहून बघत बसला असता, तर ते साहेब काय म्हणाले असते?"

"मला सांगितलेलं, चेंडू शोध," रेवजी म्हणाला. "मी शोधला. साहेब लांबून चालत येतात. ते येईपर्यंत दिसायला तर पाहिजे."

"धर्मेंद्र राणाला तुम्ही ओळखता?"

"कोणते ते?"

 हेमांगीने जीपमधल्या शिवाजीला विचारलं. कोयत्याची गोष्ट त्यालाही माहीत होती. पलीकडच्या घरातल्या म्हाताऱ्याने तर, हे विचारायला कुणी एवढा घाट चढून येतं का, असं तिलाच विचारलं.

एक वाजून पाच मिनिटांनी तिने टूरच्या संचालकांना फोन लावला.

"लीगचा संबंध नाही, सर. धर्मेंद्रलाही काही माहीत नव्हतं. या माणसाच्या गावची रीत आहे. त्याला वाटलं, आपण मदत करतोय."

 पलीकडे संचालक हसले. खूप वेळाने हसल्यासारखे.

"म्हणजे एका माणसाची एक चूक. विजेतेपद कायम. त्याला नियम समजावून सांगा आणि कामावर यायला सांगा. जबाब लिहून सही घ्या. चार वाजता आपण जाहीर करू."

तिने हे सांगितलं तेव्हा दिवलीबाई आत गेली आणि चहा घेऊन आली. दोन दिवसांत पहिल्यांदाच रेवजी भिंतीला टेकून बसला.

हेमांगीने जबाब लिहिला आणि मोठ्याने वाचून दाखवला. "रविवारी चौदाव्या होलजवळच्या झुडपात पडलेला एक चेंडू मी नियम माहीत नसल्याने उचलून बाहेर ठेवला. मला तसं कोणीही सांगितलं नव्हतं."

तिने पेन पुढे केलं. रेवजीने ते घेतलं, कागदावर टेकवलं आणि पुन्हा उचललं.

"एवढंच चूक लिहिलंय, मॅडम."

"काय?"

"एक नाही. रविवारी नऊ होते. दुसरे आले म्हणतात, त्या साहेबांचे दोन."

हेमांगीने रेकॉर्डिंगकडे पाहिलं. ते अजून सुरू होतं.

"आणि नुसतं रविवारचं कशाला लिहिता?" रेवजी म्हणाला. आता त्याच्या आवाजात भीती नव्हती, थोडा अभिमानच होता. "सात वर्षं मी तिथंच उभा आहे. तुमच्या टूरचा असो की त्या लीगचा, एकही चेंडू झुडपात राहू दिला नाही."