ताईचे हात थांबले

ताईने एका झटक्यात सुईत दोरा ओवला, आणि आनंद व्हायचा सोडून तिचा घड्याळजी भाऊ धास्तावला.

तीन वर्षं तिचे हात थरथरत होते. बोटं सारखी काहीतरी वळत असायची, पाय एका जागी ठरत नसत. डॉक्टर म्हणाले होते, हा औषधाचाच परिणाम, पण गोळी सोडायची नाही. तिनेच कानातले आवाज गप्प बसतात. मागे एकदा ताईने गोळी सोडली, तेव्हा चार दिवस बेपत्ता होती. सापडली ती अनवाणी, आणि भावाला ओळखेना.

आई गेल्यावर तिनेच त्याला वाढवलं होतं, कडू औषध साखरेत दडवून भरवलं होतं. तिला पुन्हा गमवायची त्याची तयारी नव्हती.

"गोळी घेतेस ना गं?"

"पाकीट बघ की. रोज एक कमी होते."

पाकीट चोख होतं. त्याने उशी उचकली, कुंड्यांतली माती उकरली, मोरीची जाळीसुद्धा काढली. हाती काही लागलं नाही. वळून बघतो तर ताई दारात उभी.

"काय शोधतोस, बाळ?"

"स्क्रू पडलाय."

"मोरीत?" ती हसली. "चल, चहा गार होतोय."

चहात हल्ली साखर अंमळ जास्तच असायची. पण ताई खुशीत होती, म्हणून तो मुकाट्याने प्यायचा.

या काळजीने त्याचंच तंत्र बिघडलं. दुकानात चिमटा हातात ठरेना. केसाएवढी स्प्रिंग दोनदा उडाली. टेबलाखाली पाय नाचायचा, उठून चार फेऱ्या मारल्याशिवाय त्याला बसवत नसे. शेवटी तो ताईला घेऊन डॉक्टरांकडे गेला.

डॉक्टरांनी तिला हात पुढे धरायला लावले, चालून दाखवायला सांगितलं. सगळं झकास.

"बघा, ही गोळी घेतच नाहीये," घड्याळजी म्हणाला.

डॉक्टर मात्र त्याच्याकडेच बघत होते. त्याच्या नाचणाऱ्या गुडघ्याकडे, एकमेकांवर घासणाऱ्या बोटांकडे.

"तुम्ही कधीपासून घेताय ती?"

"मी? मी कशाला घेऊ?"

ताईने मायेने त्याचा गुडघा दाबून धरला.

"तो काही कबूल करायचा नाही, डॉक्टर. दिवसभर माती उकरतो, मोरी उघडतो, माझ्यावर संशय घेतो. म्हणून तर चहातून देते."