फाटकाबाहेर सावधान

झेंडा वर जाताना सगळी माणसं वर बघतात. राहीबाईनं नेमकं तेच हेरलं होतं.

स्वातंत्र्याचं पन्नासावं वर्ष, म्हणून कोपरखैरण्याच्या त्या सोसायटीत यंदा झेंडावंदन एकदम जोरात होतं. सेक्रेटरी विश्वजित, म्हणजे राहीबाईचाच लेक, कडक इस्त्रीत दोरी ओढत होता. वॉचमन नामा फाटकापाशी मान मागं टाकून उभा होता, झेंड्यातली फुलं कधी पडतात ते बघत. राहीबाईनं पिशवी काखेत मारली आणि त्याच्या पाठीमागून फाटकाचं छोटं दार ढकललं.

गेल्या महिन्यात भाजी घेऊन येताना ती चुकून शेजारच्या बिल्डिंगमध्ये शिरली होती. सगळ्या बिल्डिंगी एका साच्यातल्या, तिचा काय दोष? तिसऱ्या मजल्यावर जाऊन भलत्याच सुनेला म्हणाली, "चहा टाक." तिनं टाकला पण! एवढंच झालं, आणि लेकानं ऑर्डर काढली: आईला एकटीला फाटकाबाहेर सोडायचं नाही. दिघ्याला राहीबाईची गावाकडची मैत्रीण पुतळा राहायची. तिच्याकडंसुद्धा विश्वजित स्कूटरवर घालून नेणार, घोटभर चहा झाला की उचलून परत आणणार. बाई नाही, पार्सलच.

दार करकरलं. नामानं वळून बघितलं. राहीबाई बाहेर, हा आत. त्यानं तिला धरायला हात पुढं केला, आणि तेवढ्यात पोरांनी राष्ट्रगीत सुरू केलं.

नामाचा हात खाली आला, टाचा जुळल्या. राहीबाईपण जागच्या जागी ताठ. पदर डोक्यावर, नजर झेंड्यावर. दोघांमध्ये हातभर अंतर, पण हलायची सोय कुणालाच नाही.

झेंड्याखालून विश्वजितला आई दिसली. तोंडानं गाणं चालू, डोळे खोबणीतून बाहेर. भुवयांनी नामाला खुणा करून करून दमला. स्वतः पळत जावं, तर सेक्रेटरीच हलला म्हणून सोसायटी वर्षभर खाणार.

"आजी, आत या ना," नामा ओठ न हलवता पुटपुटला. "साहेब माझी वाट लावतील."

"गप ऱ्हा," राहीबाई पण तशीच. "गीत चाललंय."

समोरच्या स्टॉपवर दिघ्याची बस येऊन थांबली. ड्रायव्हरनं गाणं ऐकलं आणि इंजिन बंद केलं. राहीबाई हलली नाही. उजव्या पायाचा अंगठा तेवढा स्टॉपच्या दिशेला वळला.

शेवटचं 'जय हे' संपलं आणि बाई सुटली. काय सुटली! गुडघेदुखी घरीच राहिली. नामा मागोमाग धावला. विश्वजितनं "अरे धर तिला" म्हणायला तोंड उघडलं, पण अख्खी सोसायटी मुठी वळून त्याच्याकडंच बघत होती. घोषणा सेक्रेटरीनंच द्यायची असते.

"भारत माता की!" तो ओरडला. दुसरं करणार काय?

"जय!" नामा रस्त्याच्या मधोमध थबकला, हात आपोआप वर. शाळेपासूनची सवय, जाते कुठं?

दुसऱ्या 'जय'ला राहीबाईनं बसचा दांडा धरला. तिसऱ्याला डबल बेल पडली. तिन्ही वेळा सगळ्यात मोठा आवाज सुनयनाचा होता. सुनयना म्हणजे विश्वजितची बायको. जिलबीचं ताट घेऊन ती पहिल्या रांगेत उभी होती. विश्वजितनं तिच्याकडं वळून बघितलं.

"हे तुला माहीत होतं?"

"जिलबी घ्या," ती म्हणाली. "तोंड उघडंच आहे तर."

बसमध्ये राहीबाई खिडकीशी बसली. धाप लागली होती, पण गालातल्या गालात हसू मावत नव्हतं. सुनेनं रुमालात बांधून दिलेल्या सुट्ट्या पैशांची गाठ तिनं सोडली. कंडक्टर आला. त्यानं तिच्या मागच्या सीटवर बघितलं, पुढच्या सीटवर बघितलं.

"आजी, सोबत कोण आहे?"

"मी हाय की," राहीबाई म्हणाली. "एक दिघा दे."