उघड्या हाताने जोडलेली फीत

पडताळणी यंत्राने दुष्काळाच्या जुन्या चित्रणाबद्दल तिसऱ्यांदा तोच निकाल दिला : माणसाने चित्रित केल्याचा पुरावा नाही, प्रक्षेपणाचा परवाना नामंजूर.

"बाई, हुबेहूब दुष्काळ आता यंत्रंही बनवतात," माहितीपट-मालिकेचा निर्माता ओंकार सबनीस खिन्नपणे म्हणाला. "पिंपळदरीच्या बायकांनी खोदलेला तलाव आता लोक खोटाच मानणार."

चौऱ्याऐंशी वर्षांच्या संग्रहपाल दमयंतीबाईंनी कपाटातून बासष्ट वर्षांपूर्वीची मूळ फीत काढली आणि तिचा एक सांधा यंत्राच्या भिंगाखाली धरला. चिकटपट्टीखाली अंगठ्याचा मातकट ठसा स्पष्ट दिसत होता.

"हा कोणाचा?"

"माझा. चित्रण संपल्यावर मीही त्या बायकांबरोबर मातीच्या पाट्या उचलल्या होत्या. मग घाईत, हातमोजे न घालताच फीत जोडली. साहेबांनी अख्ख्या संकलन विभागासमोर माझी खरडपट्टी काढली."

"तुम्ही काय म्हणालात?"

"काय म्हणणार? चूक माझीच होती."

त्यांनी यंत्राच्या काचेवर अंगठा टेकवला. फितीवरच्या ठशाशी रेघेला रेघ जुळली आणि परवाना मंजूर झाला. पडद्यावर पिंपळदरीच्या बायका पदर खोचून पुन्हा खोदू लागल्या. दमयंतीबाई ताठ मानेने पाहत राहिल्या.

फीत डब्यात परत ठेवताना मात्र त्यांनी आठवणीने हातमोजे घातले.