बटाटा गार होईपर्यंत

बटाटे सालासकट उकडावेत, गरम असतानाच सोलावेत आणि—

"मला जमणार नाही," सलूनवाल्याने आधीच सांगून टाकलं. उजवा हात त्याने मांडीखाली दाबून ठेवला होता, लहान मुलाने दुसऱ्याचा खोडरबर लपवावा तसा.

"बटाट्याला कात्री लावायची नाहीये," बायको म्हणाली. "नुसतं साल ओढायचंय."

मनगटाचं प्लास्टर निघून महिना होत आला होता. डॉक्टरांच्या मते हाड जुळलं होतं. त्याच्या मते डॉक्टरांना कधी कुणाच्या कानामागे वस्तरा धरावा लागत नाही. दाबायला दिलेला रबरी चेंडू कुत्र्याने पळवला, तेव्हा घरात तो एकटाच खूश झाला. सलूनचं शटर खालीच होतं. कुणी विचारलं की म्हणायचा, "बघू, पुढच्या आठवड्यात."

टेबलापाशी त्याचे वडील, आप्पा, पेपर उघडून बसले होते. त्याच सलूनमध्ये उभं राहून त्यांचा जन्म गेला. दुसऱ्या कुणाच्या खुर्चीत बसायला ते तयार नव्हते. केस कानांवरून कॉलरवर उतरले होते.

"मागून बघितलं की आत्याबाई आल्यासारखं वाटतं," सून म्हणाली.

"आणि पुढून?"

"पुढून मिशा आहेत म्हणून निभावतंय."

—आणि काट्याने ठेचावेत. पार लगदा करू नये. मधेमधे गाठी राहू द्याव्यात.

सलूनवाला डाव्या हाताने ठेचायला लागला. वाडगं टेबलभर फिरायला लागलं.

"नाचतंय ते. डाव्या हाताने धरून ठेवा की," बायको म्हणाली.

डाव्या हाताने वाडगं धरलं. मग काटा उजव्या हातात आला. तिने वरून चमचाभर व्हिनेगर शिंपडलं, बटाटा गरम असेपर्यंतच ते मुरतं म्हणून. फोनवर पाहून ठेवलेला हा बटाट्याच्या सॅलडचा जपानी प्रकार आजच करायचा, असा तिने सकाळपासून हेका धरला होता.

काकडीच्या पातळ चकत्यांना मीठ लावून ठेवावं आणि पाणी सुटलं की घट्ट—

"पिळा."

"तू पिळ."

"माझ्या हाताला कांदा लागलाय."

"कांदाही यातच जाणार आहे ना?"

"अहो, पिळा."

त्याने पिळली. चार थेंब पडले. तिने एक चकती तोंडात टाकली. "ओली आहे."

त्याने पुन्हा पिळली. या वेळी धार लागली. प्लास्टरखाली गोरा पडलेला मनगटाचा पट्टा ओलांडून पाणी कोपरापर्यंत गेलं.

"अजून ओली. सगळ्याचा चिखल होईल अशाने."

तिसऱ्यांदा त्याने दातओठ खाल्ले. बोटांची पेरं पांढरी झाली. खाली काहीच पडलं नाही. त्याने मूठ उघडली. काकडीचा चेंडू झाला होता आणि त्यावर त्याची चारही बोटं उमटली होती.

"ओलीच आहे," बायको म्हणाली. तिने चाखलीच नव्हती.

त्याने काकडीकडे पाहिलं. मग बायकोकडे.

"कोरडी ठाक आहे ही."

"हो का?"

"मघाशीच झाली होती."

"मला काय कळतंय त्यातलं? मी थोडीच जपानी आहे."

आप्पांचा पेपर वाऱ्याशिवाय हलत होता.

सलूनवाल्याला हसू आलं, पण ते त्याने अर्ध्यावरच गिळलं. "पिळणं वेगळं गं. कात्रीला जोर लागत नाही. तिथे हात थांबावा लागतो. माझा थांबत नाही."

बायकोने कांदा, गाजर, उकडलेलं अंडं, काकडी, सगळं बटाट्यात लोटलं आणि हलकं कालवलं. त्याने मेयोनीजची बाटली उचलली.

मेयोनीज बटाटा पूर्ण गार झाल्यावरच—

"थांबा, ठेवा ते. गरमात घातलं तर तेल सुटतं."

"मग कधी घालायचं?"

"गार झाल्यावर."

तिने वाडगं खिडकीत ठेवून त्यावर जाळी पालथी घातली. तिघंही वाडग्याकडे बघत बसले. वाडग्यातून वाफ येत होती.

"तोवर काय करायचं?" सलूनवाल्याने विचारलं.

आप्पांनी पेपर घडी न घालताच मागच्या दारापाशी जमिनीवर पसरला. त्यावर खुर्ची ओढली. खुंटीवरचा टॉवेल झटकला, स्वतःच कॉलरमध्ये खोचला आणि उजेडाकडे तोंड करून बसले.

"आप्पा, हात थरथरतो माझा."

"थरथरू दे. माझीही मान हलते हल्ली. जमेल कुठेतरी."

"कात्री दुकानात आहे."

बायकोने चमच्यांचा खण ओढला. आत सलूनच्या कापडात गुंडाळलेली कात्री होती, तेल देऊन ठेवलेली. शेजारी कंगवाही होता.

आता निमित्तही उरलं नव्हतं. तो उठला. पहिली बट कापायला त्याला फार वेळ लागला. दुसरी लवकर पडली. मग कात्रीचा आवाज सुरू झाला, आधी अडखळत, मग सलग. पेपरावरच्या बातम्या पांढऱ्या केसांखाली एकेक करून झाकल्या जायला लागल्या. उजवा कान मोकळा झाला.

"जरा वर घे अजून," आप्पा म्हणाले.

"मान सरळ ठेवा. गिऱ्हाईकाने बोलायचं नसतं."

बायकोने जाळी उचलून वाडग्याला हात लावला. वाडगं केव्हाच गार झालं होतं.

"झाला का गं गार?" त्याने कात्रीवरची नजर न काढता विचारलं.

तिने जाळी हळूच परत ठेवली.

"छे. चांगला गरम आहे अजून."