मिठाची बरणी

आप्पा पक्षाचे जुने कार्यकर्ते. जेवायला बसले की पाण्याचा जग टेबलाच्या मधोमध ठेवायचे, मिठाची बरणी त्याच्या थोडी डावीकडे सरकवायचे आणि आल्यागेल्याला समजवायचे, "जग म्हणजे राजकारणाचा मध्य, आणि ही बरणी म्हणजे आपला पक्ष. मध्याच्या जराशी डावीकडे. अगदी टोकाला नाही."

समोरच्या खुर्चीतून माई म्हणायची, "मला तर उजवीकडेच दिसतोय हो तुमचा पक्ष."

"तुला काय कळतंय त्यातलं?" आप्पा तिला उडवून लावायचे. उभा संसार याच वादात गेला.

माईची खुर्ची गॅसजवळ होती, कारण वाढायला सारखं तिलाच उठावं लागायचं. ती गेल्यावर आप्पांना आपलं आपण वाढून घेणं आलं, आणि ते पहिल्यांदा तिच्या खुर्चीत बसले. जग आणि बरणी नेहमीच्याच जागी होती. हातातला घास तसाच राहिला.

"उजवीकडेच आहे गं," असं म्हणत त्यांनी मान वर केली.



समोर फक्त त्यांची स्वतःची रिकामी खुर्ची होती.