अबू मिल्हचा अभिप्राय

"चाळीस जणांनी डोक्यावर घेतलं, आणि तू एका टीकाकारापायी गिटार विकायला निघालास?" दीमा म्हणाली. ती बँडमध्ये ड्रम वाजवायची आणि घरातही तशाच जोरात बोलायची.

मुहन्नद तोच अभिप्राय पुन्हा वाचत होता. समोर फोन उघडा होता.

'सत्तेचाळीस पायऱ्या' या त्यांच्या बँडचा दुसरा अल्बम, 'पाण्याचा मंगळवार', येऊन दहा दिवस झाले होते. बैरुतपासून ट्यूनिसपर्यंत त्याचं कौतुक चाललं होतं. आमच्या अम्मानचे टॅक्सीवालेसुद्धा तो लावत होते. आज सकाळी मात्र अबू मिल्हने नेटवर लिहिलं होतं: 'पहिला अल्बम वाईट होता. दुसरा ऐकल्यावर पहिल्याची आठवण येते. गायकाचा आवाज म्हणजे गच्चीवरच्या रिकाम्या टाकीत अडकलेली शेळी.'

हा अबू मिल्ह, म्हणजे मीठवाला, कोण ते कुणालाच ठाऊक नव्हतं. भाषा मात्र जुन्या वळणाची, एका मात्रेचीही चूक नसलेली. पहिल्या अल्बमलाही एकट्या त्यानेच झोडपलं होतं. मुहन्नदने त्याचं वाक्य न् वाक्य पाठ केलं आणि दोन वर्षं त्याबरहुकूम गळा घासला. आमच्या शहरात तोंडावर वाईट कुणी बोलत नाही. यजमानाच्या करपलेल्या भाताचीही तारीफ होते. तेव्हा खरं बोलणारा हा एकच, असं त्याने मनाशी पक्कं केलं होतं.

"साहिर असणार," दीमा म्हणाली. साहिर म्हणजे त्यांच्याशी भांडून गेलेला गिटारवाला.

"साहिरला दोन ओळी धड लिहिता येत नाहीत."

"मग दे सोडून."

"सोडतोच आहे. आज संध्याकाळी गातो, मग संपलं. शेळ्यांनी गाऊ नये."

ओट्याशी त्याची आई, उम्म मुहन्नद, द्राक्षाची पानं गुंडाळत होती. तीस वर्षं तिने मुलींच्या शाळेत अरबी शिकवलं होतं. लेकाच्या गाण्याबद्दल ती कधी चांगलं बोलली नव्हती, की वाईटही. तिचे हात थांबले.

"इतकं लागलं का रे तुला?"

"तोच एक खरं बोलतो, आई."

"आणि बाकीचे चाळीस?"

"तोंडदेखले."

"खाला, आता तुम्हीच याच्या कानाखाली द्या," दीमा म्हणाली.

आईने कानाखाली दिली नाही. एक गुंडाळलेलं पान त्याच्या तोंडात कोंबलं.

"त्या मेल्याचं काय मनावर घेतोस? जा, गा. असं गा की त्याला लिहायला शब्द सापडू नयेत."

"तू येशील?"

"येते," ती म्हणाली. याआधी ती कधीच आली नव्हती.

ऊन उतरताना जुन्या दगडी रंगमंदिराच्या पायऱ्या खचाखच भरल्या. मुहन्नद रागातच गायला उभा राहिला, आणि तो राग त्याच्या गळ्याला भलताच मानवला. तिसऱ्या गाण्याला लोक त्याच्याबरोबर गाऊ लागले. 'पाण्याचा मंगळवार' या शीर्षकगीताला सगळे उभे राहिले, दीमाने एक काठी मोडली आणि उरलेल्या एकीवर गाणं तडीला नेलं. शेवटी मुहन्नद खो खो हसत सुटला.

"मी गाणं सोडणार होतो," तो माइकमध्ये म्हणाला. "नाही सोडत. अबू मिल्ह इथे असेल तर त्याने खुशाल कान बंद करावेत."

लोकांनी रंगमंदिर दणाणून सोडलं.

पहिल्या रांगेत उम्म मुहन्नदच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं. इतकी सुखी ती त्याच्या जन्माच्या दिवशीच झाली असेल.

"काय गळा आहे हो," शेजारची बाई म्हणाली. "असा पोरगा शंभर वर्षांत झाला नाही."

"आणि दिसायलाही राजबिंडा," मागची म्हणाली.

कौतुक वरच्या पायरीपर्यंत चढत गेलं. दृष्ट लागू नये म्हणून एकीनेही 'माशाल्लाह' म्हटलं नाही.

उम्म मुहन्नदने डोळे पुसले. तिने घाईघाईने चष्मा चढवला आणि शालीखाली फोन उघडला.

"इतके डोळे माझ्या एकट्या लेकरावर," ती पुटपुटली. "कुणीतरी वाईट बोलायलाच हवं."

आणि नेहमीसारखं अबू मिल्हच्या नावाखाली तिने लिहायला घेतलं: 'आज त्याला प्रत्यक्ष ऐकलं. देवाने कान दिले, याचं पहिल्यांदाच वाईट वाटलं…'